तालुका विधी सेवा समिती: गरिबाला मिळणाऱ्या वकिलाचे परीक्षण

वकील परवडत नाही म्हणून हक्कावर पाणी सोडणारी माणसे मराठवाड्यात गावोगाव आहेत आणि ज्या सेवेविषयी मी येथे लिहीत आहे ती नेमकी अशाच माणसांसाठी कायद्याने उभी केलेली आहे. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ हा कायदा ९ नोव्हेंबर १९९५ पासून अंमलात आला. त्याखाली तालुक्याच्या न्यायालयात विधी सेवा समिती, जिल्ह्याच्या ठिकाणी जिल्हा न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखालील प्राधिकरण आणि छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठात उच्च न्यायालयाची विधी सेवा उपसमिती अशी रचना आहे. बीड जिल्ह्यातील एका तालुक्याच्या समितीकडे मी आमच्या वस्तीवरच्या एका ऊसतोड कुटुंबासोबत गेलो, पुढे गायरानाच्या (गावच्या सरकारी चराऊ जमिनीच्या) एका प्रकरणात तिचा उपयोग झाला आणि ॲट्रॉसिटीच्या (अनुसूचित जाती-जमातींवरील अत्याचाराच्या) एका खटल्यात तिचे काम जवळून पाहता आले. या तिन्ही प्रकरणांवरून माझे मत असे बनले आहे की, वकिलासमोर जाऊन बसलेल्या माणसाला ही सेवा चांगले काम देते. मात्र त्याच्यासमोर जाऊन बसेपर्यंत गरिबाची जी दमछाक होते तिची दखल या सेवेने अजून पुरेशी घेतलेली नाही.

प्रथम ही सेवा कोणाला मिळते ते सांगतो, कारण याविषयीचे अज्ञान फार मोठे आहे आणि ते केवळ अर्जदारांमध्येच आहे असे नाही. कायद्याच्या कलम १२ प्रमाणे स्त्रिया, मुले, अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती, अपंग व्यक्ती, औद्योगिक कामगार, कोठडीत असलेल्या व्यक्ती आणि मानवी व्यापाराला किंवा वेठबिगारीला बळी पडलेल्या व्यक्ती यांना उत्पन्नाची कोणतीही अट नाही. इतरांसाठी महाराष्ट्रात वार्षिक तीन लाख रुपये उत्पन्नाची मर्यादा आहे. याच कलमात जातीय अत्याचार, पूर, अवर्षण आणि भूकंप यांमुळे हलाखीत सापडलेल्या व्यक्तींचाही स्पष्ट उल्लेख आहे. १९७२ चा दुष्काळ सोसलेल्या आणि ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारी-सास्तूर परिसर जमीनदोस्त झालेला पाहिलेल्या मुलखातील माणसाला हे कलम वाचताना आपलीच कहाणी कोणीतरी कायद्यात लिहून ठेवली आहे असे वाटते.

आता पहिल्या प्रकरणाकडे येतो. नवरा-बायको मिळून एक कोयता, अशा हिशेबाने हे कुटुंब मुकादमाकडून (मजुरांची टोळी नेणाऱ्या कंत्राटदाराकडून) उचल म्हणजे आगाऊ रक्कम घेऊन पश्चिम महाराष्ट्रातील एका कारखान्याच्या ऊसतोडीला गेले होते. हंगामाच्या मध्यावर नवरा आजारी पडला, खाडे (कामावर न गेलेले दिवस) वाढले, प्रत्येक खाड्याचे पैसे उचलीवर चढत गेले आणि हंगाम संपला तेव्हा उचल फिटण्याऐवजी बाकीच निघाली. गावी परतल्यावर मुकादमाच्या वकिलाची नोटीस आली. सोबत मुद्रांकावरच्या कराराची प्रत होती आणि तीत ही रक्कम 'घरगुती अडचणीसाठी हातउसने' घेतल्याचे लिहिलेले होते. खाली दोघांचे अंगठे. व्याजासह रक्कम भरा, नाहीतर दावा दाखल करू, असा मजकूर होता. घरात पैसा नव्हता आणि खासगी वकिलाने नोटिशीच्या उत्तरासाठी जी फी सांगितली ती त्या कुटुंबाच्या कित्येक दिवसांच्या मजुरीएवढी होती.

समितीच्या कार्यालयात आम्हाला प्रथम तहसीलदारांचा उत्पन्नाचा दाखला आणायला सांगण्यात आले. अर्जदार स्त्री होती, त्यामुळे उत्पन्नाचा प्रश्नच उद्भवत नव्हता. आणि ज्यांच्या बाबतीत तो उद्भवतो त्यांचेही उत्पन्नाविषयीचे शपथपत्र पुरेसे मानता येते, असे हाच कायदा कलम १३ मध्ये सांगतो. तरीही ती बाई मजुरी बुडवून आलेली असताना हात हलवत परत गेली. पुढच्या खेपेला मी कलम १२ ची मराठी प्रत सोबत नेली तेव्हा अर्ज विनातक्रार स्वीकारला गेला. तेथील कर्मचाऱ्याच्या मनात आकस होता असे मला वाटत नाही. त्याला हा नियम कोणी नीट सांगितलेलाच नव्हता. परंतु ज्या कार्यालयाचे काम लोकांना कायदा सांगणे हे आहे, त्याच्या पहिल्याच टेबलावर कायद्याचे अज्ञान असावे ही गोष्ट गंभीर आहे. कलम वाचून दाखवणारा माणूस सोबत नसता तर ती बाई पुन्हा त्या पायऱ्या चढली नसती, हे मी खात्रीने सांगतो.

पॅनेलवरील, म्हणजे समितीच्या यादीतला, वकील मिळाल्यानंतरचा अनुभव मात्र मनापासून दाद द्यावी असा होता. त्या तरुण वकिलाने नोटीस वाचली, मग करार दोनदा वाचला आणि कागद बाजूला ठेवून बाईंना विचारले, "मावशी, पैसे देताना मुकादमानं कुठल्या कारखान्याला जायचं ते सांगितलं होतं का?" बाई म्हणाल्या, "सांगितलं ना. पैसे हातावर ठेवतानाच म्हणला, दसरा झाला की गाडी येईल, दोघांनी बसायचं." वकिलाने हे उत्तर त्यांच्याच शब्दांत लिहून घेतले. त्यानंतर टोळीत किती कोयते होते, रोज किती वाजता फडात जायचे, वजनकाट्याची पावती कधी हातात मिळाली का, खाड्याचे पैसे कोण आणि कोणत्या दराने लावायचा, नवऱ्याला दवाखान्यात न्यायला सुट्टी मिळाली का, असे एकेक करत सगळे विचारून घेतले. त्या बाईंना आयुष्यात कोणी त्यांच्या कामाविषयी इतके बारकाईने विचारले नसावे, असे त्या उत्तरे देताना मला सारखे जाणवत होते.

या प्रश्नांमागचा कायदा समजून घेण्यासारखा आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद २३ ने वेठबिगारीला आणि सक्तीच्या श्रमाला बंदी घातली आहे. किमान वेतनापेक्षा कमी मोबदल्यात करून घेतलेले कामही सक्तीचे श्रमच ठरते, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८२ साली, दिल्लीतील आशियाई क्रीडा स्पर्धांच्या बांधकामावरील मजुरांच्या प्रकरणात सांगितले. १९७६ च्या वेठबिगार पद्धती निर्मूलन कायद्याप्रमाणे वेठबिगारीतून निर्माण झालेले कर्ज फेडण्याची जबाबदारी संपुष्टात येते आणि त्याच्या वसुलीसाठी दावाही लावता येत नाही. त्याच कायद्याचे कलम १५ असे आहे की, एखादे कर्ज वेठबिगारीचे आहे असे मजुराने म्हटले तर ते तसे नाही हे सिद्ध करण्याची जबाबदारी पैसे देणाऱ्यावर पडते. प्रत्येक उचल म्हणजे वेठबिगारी असे नव्हे. कोणत्या परिस्थितीत पैसे दिले आणि काम कसे करून घेतले यावर ते अवलंबून असते. म्हणूनच 'हातउसने' या नावाखाली दडवलेला कामाचा करार उजेडात आणणे हे खरे वकिली काम होते आणि ते एक पैसाही न घेता झाले. उत्तरात मुकादमाकडे तोडलेल्या उसाचा, कापलेल्या रकमेचा आणि खाड्याचा संपूर्ण हिशेब मागितला गेला. हे लिहीपर्यंत मुकादमाकडून दावा दाखल झालेला नाही.

असे असले तरी या प्रकरणात सेवेने जे केले नाही तेही सांगितले पाहिजे. १९७६ च्या कायद्याने जिल्हाधिकाऱ्यांवर आणि जिल्हा व उपविभाग पातळीवरच्या दक्षता समित्यांवर वेठबिगार शोधण्याची आणि सोडवण्याची जबाबदारी टाकली आहे. बाईंनी सांगितलेली हकीकत ऐकल्यावर ती दक्षता समितीकडे पाठवणे विधी सेवा समितीला सहज शक्य होते. तसे झाले नाही. नोटिशीला उत्तर गेले आणि फाइल बंद झाली. याच जिल्ह्यातील ऊसतोड स्त्रियांच्या गर्भाशय काढण्याच्या शस्त्रक्रियांचा प्रश्न २०१९ साली राज्यभर गाजला आणि शासनाला डॉ. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमावी लागली. तेव्हा खाड्याची भीती बाईच्या शरीरापर्यंत कशी पोहोचते हे सर्वांनी वाचले आहे. अशा जिल्ह्यात एका कुटुंबाची नोटीस ही सुटी घटना मानून तिला उत्तर देणे म्हणजे अर्धेच काम होय, असे माझे स्पष्ट मत आहे.

गायरानाच्या प्रकरणात मला या सेवेची एक वेगळी बाजू दिसली. मराठवाड्यात भूमिहीन दलितांनी गायरान कसून खाण्याचा लढा कर्मवीर दादासाहेब गायकवाडांच्या काळापासूनचा आहे आणि अलीकडच्या पिढीत ॲड. एकनाथ आवाड (१९५६–२०१५) यांच्या मानवी हक्क अभियानाने तो बीड आणि आसपासच्या जिल्ह्यांत नेटाने पुढे नेला. या लढ्यांच्या रेट्यामुळे २८ नोव्हेंबर १९९१ चा शासन निर्णय निघाला आणि १४ एप्रिल १९९० पूर्वीपासूनची शेतीची अतिक्रमणे नियमित करण्याचा मार्ग खुला झाला. पुढे २०११ साली सर्वोच्च न्यायालयाचा सार्वजनिक जमिनींविषयीचा निकाल आला, राज्याचे धोरण कडक झाले आणि २०२२ च्या अखेरीस अतिक्रमणे हटवण्याच्या नोटिसांनी गावोगाव घबराट उडाली. आमच्या परिचयाच्या एका कुटुंबाचा दावा तहसील कार्यालयात अनेक वर्षे पडून होता. विधी सेवेचा वकील महसुली कामासाठी मिळत नाही अशी सर्वांची समजूत होती. प्रत्यक्षात या कायद्यातील 'न्यायालय' या व्याख्येत दिवाणी आणि फौजदारीबरोबर महसुली न्यायालय आणि न्यायाधिकरणही येते. अर्ज केल्यावर वकील मिळाला. त्याने घरातले सगळे जुने कागद मागवले आणि तहसीलने अतिक्रमणाबद्दल वेळोवेळी लावलेल्या दंडाच्या पावत्या वेगळ्या काढल्या. कुटुंबाने त्या शिक्षेची खूण म्हणून ट्रंकेच्या तळाशी टाकून दिल्या होत्या; वकिलाने त्या १९९० पूर्वीच्या ताब्याचा पुरावा म्हणून तारीखवार लावल्या. हे काम मी शेजारी बसून पाहिले आहे आणि त्याला पैकीच्या पैकी गुण देतो.

ॲट्रॉसिटीच्या खटल्यांविषयी मात्र जपून लिहिले पाहिजे. २७ जुलै १९७८ रोजी विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांनी मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव केला आणि त्यानंतर या भागातील दलित वस्त्यांवर हल्ले झाले, घरे जाळली गेली, पोचिराम कांबळे यांच्यासारख्यांचा जीव गेला. त्या वेळी पीडितांच्या हाती १९५५ च्या नागरी हक्क संरक्षण कायद्यापलीकडे खास असे संरक्षण नव्हते. १४ जानेवारी १९९४ रोजी नामविस्तार झाला तोपर्यंत १९८९ चा अत्याचार प्रतिबंधक कायदा अंमलात आलेला होता आणि त्यात अनुसूचित जाती-जमातीच्या माणसाचे राहते घर जाळणाऱ्यास जन्मठेपेची तरतूद होती. या कायद्यातील प्रत्येक कलमामागे कोणत्या ना कोणत्या वस्तीने सोसलेले काहीतरी आहे, हे आमच्या भागात कोणाला वेगळे समजावून सांगावे लागत नाही.

२०१६ पासून लागू झालेल्या दुरुस्तीने या कायद्यात कलम १५-अ आले. त्यानुसार आरोपीच्या जामिनासह प्रत्येक कामकाजाची सूचना पीडिताला वेळेवर मिळाली पाहिजे, त्याचे म्हणणे ऐकले गेले पाहिजे आणि त्याला वकिलाची किंवा सामाजिक कार्यकर्त्याची मदत घेता आली पाहिजे. ही सूचना देणे बंधनकारक आहे असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये हरिराम भांभी प्रकरणात स्पष्ट केले. खटला सरकारी वकील चालवतात म्हणून पीडिताला स्वतःच्या वकिलाची गरज नाही, ही समजूत म्हणूनच चुकीची आहे. मी पाहिलेल्या खटल्यात जामीन अर्जाच्या वेळी विधी सेवेचा वकील पीडित कुटुंबाच्या बाजूने उभा राहिला, साक्षीदारांवर गावात येत असलेल्या दबावाचे लेखी म्हणणे त्याने दाखल केले आणि नियमांप्रमाणे साक्षीदारांना मिळणारा प्रवासखर्चही मागून घेतला. एवढे झाल्यावर पॅनेल बदलले. नव्या वकिलाकडे जुनी टिपणे पोहोचलीच नाहीत आणि त्या कुटुंबाला सगळी हकीकत पहिल्यापासून पुन्हा सांगावी लागली. अत्याचाराची हकीकत पुन्हा पुन्हा सांगणे म्हणजे ती पुन्हा सोसणे असते; प्रकरण एका वकिलाकडून दुसऱ्याकडे जाताना लेखी टिपण सोबत जाईल एवढी साधी व्यवस्था ही सेवा आजवर करू शकलेली नाही, ही तिची मला दिसलेली सर्वांत मोठी उणीव आहे.

येथेच लोकअदालतीविषयी एक इशारा द्यायला हवा. दिवाणी वाद, बँकेचे थकीत कर्ज, अपघाताची नुकसानभरपाई यांसाठी लोकअदालत उत्तम आहे. न्यायालयीन शुल्क परत मिळते आणि निवाडा अंतिम असतो. पण अंतिम याचा अर्थ त्यावर अपील नाही असाही आहे, त्यामुळे समजेपर्यंत सही किंवा अंगठा देऊ नये. जे गुन्हे कायद्याने तडजोडीस पात्र नाहीत, त्यांवर लोकअदालतीला अधिकारच नसतो. ॲट्रॉसिटीच्या प्रकरणात 'लोकअदालतीत मिटवून टाका' असा सल्ला गावातले कोणी देत असेल, मग तो माणूस कितीही मोठा असो, तर त्याला ठाम नकार द्यावा.

कोठडीतील व्यक्तींसाठी आता जिल्ह्याच्या ठिकाणी लोकअभिरक्षक कार्यालये आहेत, तेथे पूर्णवेळ वकील असतात आणि फौजदारी बचावाचे काम त्यामुळे सुधारेल असे दिसते. त्याचा थेट अनुभव मला नसल्याने अधिक लिहीत नाही. पोलिसांच्या मारहाणीसारख्या तक्रारींसाठी राज्य मानवी हक्क आयोगाकडे साध्या कागदावर, वकिलाशिवाय आणि शुल्काशिवाय अर्ज करता येतो. घटनेला एक वर्ष उलटण्यापूर्वी तो करावा लागतो. आयोग शिफारस करतो आणि त्याचे कार्यालय मुंबईत आहे, या दोन गोष्टी लक्षात घेता परभणी-हिंगोलीच्या माणसाने आयोगाकडे अर्ज करावाच, पण त्याच्या भरवशावर न्यायालयातील मार्ग सोडू नये.

ही सेवा वापरताना कोणीही ओशाळे होऊ नये, असे मला कळकळीने सांगावेसे वाटते. मोफत कायदेविषयक साहाय्य राज्याने पुरवावे, हे घटनेच्या अनुच्छेद ३९-अ मध्ये १९७६ साली आले. १९७८ च्या होसकोट विरुद्ध महाराष्ट्र राज्य आणि १९७९ च्या हुसैनारा खातून या प्रकरणांतून सर्वोच्च न्यायालयाने ते व्यक्तिस्वातंत्र्याच्या हक्काशी जोडले. १९८६ मध्ये तर आरोपीने मागणी केली नाही म्हणून त्याला वकील नाकारता येत नाही, इथपर्यंत न्यायालय गेले. पॅनेलवरील वकिलाने पक्षकाराकडून कोणत्याही नावाखाली पैसे घेणे नियमबाह्य आहे. तसे घडल्यास जिल्हा प्राधिकरणाच्या सचिवांकडे लेखी तक्रार करावी. हे सचिव स्वतः न्यायिक अधिकारी असतात. त्याचबरोबर या वकिलांना मिळणारे मानधन त्यांच्या कष्टांच्या मानाने फार अपुरे आहे, हेही शासनाने ऐकले पाहिजे. आम्हाला भेटलेल्या त्या तरुण वकिलासारखी माणसे या कामात टिकून राहायची असतील तर त्यावाचून गत्यंतर नाही.

वापरणाऱ्यांनी आधार कार्ड, असल्यास जातीचा दाखला आणि प्रकरणाचे सगळे कागद, अगदी निरुपयोगी वाटणारेसुद्धा, सोबत न्यावेत. अर्जाची पोच घ्यावी. तालुक्याला दाद लागत नसेल तर थेट जिल्हा प्राधिकरणाकडे जावे. १५१०० हा मदतीचा क्रमांकही आहे. पाचपैकी गुण द्यायचे झाले तर वकिलांच्या कामाला मी चार देईन आणि कार्यालयाच्या वागणुकीला दोन.

एका बदलाची मागणी मी प्राधिकरणाकडे लेखी केली आहे आणि ती येथेही नोंदवतो. विधी सेवा दिन ९ नोव्हेंबरला असतो आणि कायदेविषयक जागृतीची शिबिरे त्या सुमारास मोठ्या प्रमाणावर घेतली जातात. त्या वेळी बीड, जालना, परभणी, धाराशिवच्या अनेक तांड्या-वस्त्यांवरून टोळ्या कारखान्यांकडे गेलेल्या असतात आणि शिबिराला येतात ती म्हातारी माणसे आणि मागे राहिलेली मुले. उचलीचे कागद होतात ते पावसाळ्यात, आषाढापासून दसऱ्यापर्यंत. शिबिरे त्या महिन्यांत, वस्तीवर आणि संध्याकाळी मजुरीहून परतण्याच्या वेळेनंतर घेतली पाहिजेत. मुकादमाने पुढे केलेला कागद अंगठा उठवण्याआधी वकिलाने किंवा विधी स्वयंसेवकाने मोठ्याने वाचून दाखवावा, त्यात 'हातउसने' असे लिहिले असेल तर तेथेच हरकत घ्यावी, आणि कारखान्याचे नाव, तोडणीचा दर व खाड्याची अट त्यात लिहून घ्यावी.